काटा, गोणी आणि चंद्रभागा

मोहिमेची तारीख ठरली की मी माळ्यावरून सगळ्यात आधी वजनाचा स्प्रिंगचा काटा काढते. दोर, बर्फासाठी बुटांना लावायचे क्रॅम्पॉन, तंबू बघायला बाकीची मंडळी असतात. आमच्या क्लबात कोठार माझ्याकडे आहे, आणि ज्याच्याकडे कोठार त्याच्याकडेच कचरा, असा आमचा नियम आहे. कचऱ्याचं काम मी स्वतः मागून घेतलं. पुण्यात जो माणूस शिधा भरतो तोच कचराही भरत असतो. त्याला तो वीस दिवसांनी दिसतो, एवढंच.

माझी पहिली मोहीम 2004 सालची. बेस कॅम्प उठवताना आम्ही सगळा कचरा खड्ड्यात लोटला, वर रॉकेल ओतलं आणि काडी लावली. तेव्हा तशीच रीत होती आणि आपण स्वच्छता केली असं आम्हाला मनापासून वाटत होतं. तीन वर्षांनी त्याच जागी पुन्हा गेले. खड्डा उघडा पडला होता. सूपच्या पाकिटांची चंदेरी अस्तरं दगडांत फडफडत होती, वितळलेलं प्लॅस्टिक दगडाला घट्ट चिकटलं होतं, आणि एका अर्धवट जळलेल्या पिशवीवर आमच्याच कोपऱ्यावरच्या किराणा दुकानाचं नाव वाचता येत होतं. त्या दिवसापासून आमच्या मोहिमेत काही जाळत नाहीत. उंचीवर हवा विरळ, जाळ नीट धरत नाही. पाकिटांत प्लॅस्टिकच्या थरांमध्ये ॲल्युमिनियमचा पापुद्रा असतो, तो जळतच नाही. प्लॅस्टिक अर्धंमुर्धं जळतं, विषारी धूर सोडतं, आणि राख पहिल्या पावसात ओढ्यात उतरते.

पुरायचंही नाही. साडेचार हजार मीटरवर माती नावालाच असते. गारठ्यात कुजवणारे जंतू जवळपास कामच करत नाहीत, आणि मोरेन म्हणजे सरकत्या बर्फावर बसलेला दगडगोटा. आज झाकलेलं उद्या वर येतं.

पुढचं सगळं मी सीबी-13 च्या मोहिमेच्या हिशेबाने सांगते, कारण महाराष्ट्रातल्या बऱ्याच क्लबांची सहा हजारी शिखरांची सुरुवात हिमाचलमधल्या लाहौलमध्येच होते. शिखर 6264 मीटरचं. मनालीहून गाडीने बातल, तिथून पुढे खेचरं आणि पोर्टर. आठ मेंबर, चार जणांचा स्टाफ, एकोणीस दिवस. सीबी म्हणजे चंद्रभागा. इथली चंद्रा आणि पलीकडची भागा तांदीला एकत्र येतात, आणि तीच नदी पुढे चिनाब होते. ज्या नावाला आपण आषाढीला हात जोडतो त्या नावाच्या पाण्याच्या डोक्यावर आपण पंधरा दिवस राहणार आहोत, हे मी नव्या मुलांना पुण्यातच सांगते. मग पुढचं फार समजवावं लागत नाही.

पुण्यातले तीन रविवार

कचऱ्याचं निम्मं काम इथे होतं. किराणा आला की हॉलमध्ये सतरंजी अंथरतो आणि प्रत्येक वस्तू दुकानाच्या वेष्टनातून बाहेर काढतो. बिस्किटं, चहा, दूध पावडर, मसाले, सूप, सगळं. खोके, आतले ट्रे, चकचकीत पाकिटं पुण्यातच राहतात. माल जाड, पुन्हा वापरायच्या झिपलॉक पिशव्यांत आणि झाकणाच्या बरण्यांत जातो, पिशवीवर तारीख आणि दिवसाचा आकडा. मागच्या मोहिमेत नुसत्या वेष्टनांचं वजन अकरा किलो भरलं. ते अकरा किलो आम्ही वर नेलेच नाहीत, म्हणून खाली आणायचा प्रश्नच आला नाही.

दुसरं म्हणजे यादीच बदला. आमच्या जुन्या याद्यांत नूडल्सची ऐंशी पाकिटं असायची: ऐंशी रॅपर, ऐंशी मसाल्याच्या पुड्या, आणि त्या पुडीचा फाडलेला त्रिकोणी कोपरा. तो एवढासा कोपरा कुणाच्याच लक्षात राहत नाही, आणि बेस कॅम्पवर सर्वांत जास्त वेचावा लागतो तोही तोच. आता थालीपिठाची भाजणी, पिठल्यासाठी डाळीचं पीठ, मेतकूट, शेंगदाण्याची आणि जवसाची चटणी, सत्तू, राजगिऱ्याचे आणि दाण्याचे लाडू नेतो. लाडू डब्यात जातात आणि डबा रिकामा परत येतो. कोबी, गाजर, मेथी एप्रिलच्या उन्हात गच्चीवर वाळवून नेतो. सालं-देठं पुण्याच्या खताच्या बादलीत जातात. शिखराच्या दिवशी चॉकलेट बारऐवजी चिक्की आणि खजूर, प्रत्येकाच्या कापडी बटव्यात. तिथे पाणी साधारण 85 अंशालाच उकळतं, त्यामुळे प्रेशर कुकर सोडू नका. डाळ कच्ची राहिली की ती कुणी खात नाही आणि ओल्या कचऱ्यात जाते.

पत्र्याचे डबे नेत नाही. फळांचा एक डबा शिखर झाल्यावर फोडायचा म्हणून मुलं हट्ट करतात. तेवढा नेते, पण डब्यावर नाव घालते: तो ज्याने मागितला त्याच्याच सॅकमधून खाली येतो.

आता वजन. सगळं बांधून झालं की वर जाणाऱ्या वेष्टनांचं, बॅटऱ्यांचं, गॅसच्या डब्यांचं, औषधांच्या पट्ट्यांचं वेगळं वजन करून वहीत लिहा. थोडक्यात, जे खाऊन किंवा जाळून संपणार नाही ते सगळं. नेपाळने 2014 पासून एव्हरेस्टवर जाणाऱ्या प्रत्येक गिर्यारोहकाने आठ किलो कचरा खाली आणायचा नियम केला होता आणि मोहिमेकडून 4000 डॉलर अनामत घेत असत. नियम चांगलाच होता. पण किती खाली आणलं एवढ्याने काय वर राहिलं ते कळत नाही. चढताना वजन केलेलं असेल तरच ताळा लागतो.

झेंड्यांबद्दल. प्रायोजकांचे फ्लेक्स नेऊ नका. वाऱ्यात एकदा हातातून सुटला की तो हिमनदीचाच. एक सुती तिरंगा, एक सुती भगवा, दोन्ही परत आणायचे. बेस कॅम्पच्या पूजेचा नारळ, उदबत्ती, फुलं, हळद-कुंकवाच्या पुड्या श्रद्धेने नेतो; निर्माल्य आणि करवंटी तेवढ्याच श्रद्धेने खाली येते.

बेस कॅम्प

पहिल्या दिवशी तंबू लागायच्या आधी तीन जागा ठरतात: पाणी भरायची, स्वयंपाकाची आणि शौचाची. पाण्यापासून बाकी दोन्ही किमान सत्तर पावलं लांब आणि खालच्या बाजूला. किचन टेंटच्या दाराशी तीन गोण्या टांगतो. एकीत स्वच्छ कोरडं, म्हणजे पाकिटं, कागद, पुठ्ठा. दुसरीत धातू आणि जाड प्लॅस्टिक. तिसरी ओल्यासाठी. शिवाय कडक झाकणाची एक बाटली, त्यात इंजेक्शनच्या सुया आणि ब्लेड. ती कुणीही उघडायची नाही. कुकभाऊ आणि त्यांच्या हेल्परला पहिल्याच दिवशी चहाला बसवून हे समजावते. त्यांच्यावर हुकूम सोडला तर गोणी दाराशी लटकते आणि कचरा तंबूमागे जातो. एका वर्षी कुकभाऊंनी अंड्याची टरफलं माझ्यापुढे धरून विचारलं, “दीदी, ये भी तोलोगे?” म्हटलं, हो, ये भी. त्यानंतर संध्याकाळचं वजन तेच करू लागले आणि आकडा मला तंबूत येऊन सांगू लागले.

ओला कचरा इथे कुजत नाही, पण वाळतो. सालं, चहाचा चोथा, उरलेला भात दुपारच्या उन्हात ताडपत्रीवर पसरा आणि वर जाळी टाका, नाहीतर कावळ्यांच्या जातीचे पक्षी दहा मिनिटांत उधळतात. दोन दिवसांत वजन निम्म्याहून खाली येतं. भाज्यांची सालं खेचरं खातात. घोडेवाले त्याच दिवशी परत फिरणार असतील तर त्यांना आधी विचारा. रात्री सगळ्या गोण्या ड्रममध्ये आणि झाकणावर दगड. कोल्ह्याने एकदा गोणी फाडली होती. दुसऱ्या दिवशीचा चढ सोडून आम्ही वेचत बसलो.

भांडी घासायला साबण नाही. गरम पाणी आणि राख पुरते. खरकटं पाणी जुन्या सुती पंचातून गाळा, गाळ ओल्या गोणीत, आणि पाणी ओढ्यापासून दूर सडा घातल्यासारखं फेका. एकाच जागी ओतलं की तिथे चिखल आणि वास होतो.

शौच

याबद्दल लोक बोलायला लाजतात, म्हणून सविस्तर लिहिते.

चार हजार मीटरच्या खाली, जिथे गवत आणि माती आहे, तिथे प्रत्येकाने वेगळा छोटा खड्डा खणावा. वीतभर खोल, पाण्यापासून सत्तर पावलं, गवताची चकती अलगद काढून नंतर तशीच परत बसवायची. सगळ्यांचा मिळून एक मोठा खड्डा थंड मुलखात वर्षानुवर्षं तसाच राहतो.

मोरेनवर आणि हिमनदीवर खड्ड्याचा उपयोग नाही. क्रिव्हासमध्ये, म्हणजे हिमनदीतल्या खोल भेगेत, टाकलं की गेलं, ही समजूत मीही बराच काळ बाळगली. अलास्कातल्या डेनालीवर कहिल्टना हिमनदीचा अभ्यास झाला आहे: बर्फात पुरलेल्या विष्ठेतले जंतू जिवंत राहतात, आणि हिमनदी वाहत जाऊन खाली वितळते तिथे ती विष्ठा पुन्हा उघडी पडते. म्हणून तिथे झाकणाचे डबे देतात आणि ते भरून खाली आणावे लागतात. एव्हरेस्टच्या बाजूलाही 2024 पासून विष्ठेच्या पिशव्या सक्तीच्या झाल्या. आपल्याकडे लडाखमधलं स्टोक कांगरी शिखर 2020 मध्ये चढाईला बंद झालं, कारण त्याच डोंगराचं पाणी खालचं स्टोक गाव पितं. आपल्या शिखरांवर कुणी सक्ती करेपर्यंत थांबू नका.

आमची पद्धत अशी. बेस कॅम्पच्या टॉयलेट टेंटमध्ये पन्नास लिटरचा रुंद तोंडाचा ड्रम, वर लाकडी बैठक. शेजारी भुश्याची गोणी. भुसा मनालीत सुताराकडे मिळतो. सुका, रंग किंवा पॉलिश नसलेला मागा. प्रत्येक वेळी दोन मुठी टाकायचा. वास जवळजवळ राहत नाही. ड्रममध्ये फक्त मल. लघवी बाहेर, ठरवलेल्या खडकाळ जागी. ड्रममध्ये गेली की ओझं दुप्पट होतं आणि वास सुटतो. पाण्याने धुणाऱ्यांनी बाजूच्या वाळूच्या जागी धुवावं. वेट वाइप्सना आमच्याकडे बंदी आहे, कारण त्यांत प्लॅस्टिकचे धागे असतात.

वरच्या कॅम्पांवर ड्रम जात नाही. तिथे माणशी, दिवसागणिक एक पुडी मी पुण्यातच बांधून देते: वर्तमानपत्राचं एक पान, जाड कागदी पिशवी, त्यात मूठभर भुसा, बाहेरून झिपलॉक. पान बर्फावर पसरायचं, चार कोपऱ्यांवर बर्फाचे गोळे ठेवायचे, काम झालं की घडी घालून कागदी पिशवीत, मग झिपलॉकमध्ये. अर्ध्या तासात ते दगडासारखं गोठतं. सगळ्या पुड्या एका दहा लिटरच्या, स्क्रूच्या झाकणाच्या डब्यात; डबा तंबूच्या सावलीत ठेवा, उन्हात वितळू देऊ नका. आमच्या वजनात माणशी दिवसाला पाव किलोच्या आसपास भरतं. आठ जणांचे चार दिवस म्हणजे आठेक किलो. वर जाताना तेवढं अन्न वाहिलेलं असतं, उतरताना ती जागा रिकामीच असते.

लघवीसाठी प्रत्येक कॅम्पला एक खूणकाठी, लाल फडक्याची. प्यायचा बर्फ तिच्या विरुद्ध बाजूचाच, त्यासाठी निळ्या फडक्याची दुसरी काठी. रात्री वादळात कुणी भलतीकडे जाऊ नये म्हणून तंबूपासून काठीपर्यंत दोर बांधा. बाटली वापरणाऱ्यांनी ती सकाळी लाल काठीपाशीच रिकामी करावी.

पाळी. उंचीवर तारीख बऱ्याचदा पुढे-मागे होते, त्यामुळे “माझी नाही येणार” म्हणणाऱ्या मुलीलाही मी पाकीट देते. कप वापरायची सवय असेल तर उत्तम, पण पहिल्यांदा वापरायची जागा बेस कॅम्प नव्हे. दोन महिने आधी घरी सवय करा. पॅडसाठी काळी, दुहेरी झिपलॉक पिशवी, आत चमचाभर खायचा सोडा. ती पिशवी तिच्याच सॅकमध्ये राहते, सगळ्यांसमोर गोणीत टाकायची वेळ तिच्यावर येत नाही. क्लबच्या पुरुष लीडरांना हे माहीत असलंच पाहिजे.

दोर, गॅस, बॅटऱ्या

लावलेला दोर आणि बर्फात ठोकलेल्या खुंट्या, म्हणजे स्नो स्टेक, उतरणाऱ्या शेवटच्या दोघांनी काढत यायचे. वर जाताना किती लावले ते वहीत, उतरल्यावर मोजणी. माणसाच्या जिवाला धोका असेल तर दोर सोडा, जागा लिहून ठेवा.

गॅसचा डबा मनालीत घेतानाच काट्यावर धरा आणि वजन मार्करने डब्यावर लिहा. मग कॅम्पवर पुन्हा तोलला की आत किती शिल्लक ते कळतं, आणि अर्धे भरलेले डबे “संपला असेल” म्हणून फेकले जात नाहीत. पूर्ण रिकामा झालेला डबा रस्त्यावर पोचल्यावर, मोकळ्या हवेत, आसपास आग नसताना भोक पाडून चेपायचा आणि भंगारात द्यायचा. विमानात रिकामाही नेऊ नका. बॅटऱ्या मात्र एकूण एक पुण्याला आणा; थंडीत मेलेल्या पुष्कळशा घरी पुन्हा चालतातही.

खाली आणताना

इथे माझी मोठी चूक झाली होती. एका वर्षी बेस कॅम्पहून सात गोण्या निघाल्या आणि बातलला पाच पोचल्या. खेचरवाल्याने ओढा ओलांडताना दोन सोडून दिल्या. कचरा वाहायचे पैसे कुणी देतं, हेच त्याला खरं वाटलं नव्हतं. दोन मुलांना घेऊन मागे गेले. एक सापडली, एक पाण्याने नेली. दोष माझा होता, मी त्याला काही सांगितलंच नव्हतं. आता करारातच ठरतं: कचऱ्याचं भाडं शिध्याच्या भाड्याइतकंच, गोण्यांवर नंबर, तोंड शिवलेलं, वजन त्याच्यासमोर, निम्मे पैसे बातलला पुन्हा वजन झाल्यावर. आणि एक मेंबर त्या खेचरांबरोबरच चालतो.

बातलच्या ढाब्यावर गोणी ठेवून येऊ नका. तो रस्ता हिवाळ्यात बंद होतो, ढाबेवाल्यांना स्वतःचाच कचरा खाली न्यायचा असतो.

ड्रमचं काय? लाहौल-स्पितीतल्या जुन्या घरांत कोरडं शौचालय असतं. वरच्या खोलीत जमिनीला भोक, खाली बंद कोठी, वरून माती, राख, शेणाचा चुरा टाकत राहायचं, आणि पुढे ते खत शेतात. पाणी गोठणाऱ्या मुलखातल्या लोकांनी ही सोय फार पूर्वी शोधली आहे, आणि आमची भुश्याची पद्धत तिचीच नक्कल आहे. मोहिमेच्या आधी आम्ही अशा एका घरी जाऊन रीतसर विचारलं. घरातल्या आजींनी पहिला प्रश्न केला, आत प्लॅस्टिक नाही ना? भुसा आणि कागद सोडून काही नाही म्हटल्यावर त्या हो म्हणाल्या. ड्रम आम्ही स्वतः रिकामा करतो, धुतो, आणि त्यांच्या कोठीसाठी दोन गोण्या भुसा ठेवून येतो. असं घर मिळालं नाही तर खाली मातीच्या जागी, मालकाच्या परवानगीने, पाण्यापासून लांब खोल खड्डा करा. न विचारता कुठेही नाही.

मनालीत धातू, जाड प्लॅस्टिक आणि पुठ्ठा भंगारवाल्याकडे जातो. चंदेरी अस्तराची पाकिटं कुणी घेत नाही, ती धुऊन, वाळवून, दाबून एका पिशवीत पुण्याला येतात. तीन-चार किलो असतात. घरी “स्वच्छ” या कचरावेचकांच्या संस्थेच्या ताई रोज कचरा न्यायला येतात, त्यांच्याकडे ती वेगळी, कोरडी देते.

बेस कॅम्प सोडायच्या सकाळी सगळे हाताच्या अंतरावर ओळीने उभे राहतो आणि वाकून कॅम्पच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत चालतो. मग उलट दिशेने, कारण सूर्य दुसऱ्या बाजूने असला की चंदेरी कोपरे चमकतात. आदल्या वर्षीच्या कुणाचं सापडलं तरी तेही आपल्याच गोणीत, पण वहीत वेगळ्या रकान्यात.

मागच्या मोहिमेच्या पानावर असं आहे. वर नेलेलं: 14.2 किलो. खाली आणलेलं: 13.5. दुसऱ्यांचं: 5.8. फरक 700 ग्रॅम, त्याची नोंद: एक स्नो स्टेक बर्फात घट्ट, काढता आला नाही, कॅम्प दोनच्या वर, उजव्या कडेला, एक हातमोजा वाऱ्याने गेला, पाण्याची एक बाटली उतारावरून घसरून क्रिव्हासमध्ये. उरलेले साधारण शंभर ग्रॅम कशाचे ते सापडलं नाही. त्याच्यासमोर मी पेन्सिलने प्रश्नचिन्ह केलं आहे, आणि यंदा जूनमध्ये त्याच जागी तंबू लागणार असल्यामुळे पहिल्या दुपारी आधी तिथेच शोधणार आहे.